दोनशे चौदाव्या पानावरची पाहुणी

१

सोमवारी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी दोनशे चौदाव्या पानावर मला एक अनोळखी मुलगी भेटली.

अनोळखी हा शब्द मी मुद्दाम वापरते आहे. आमच्या बाळनाम कोशात चार हजार दोनशे बारा नावं आहेत आणि त्यातलं प्रत्येक माझ्या हाताखालून गेलेलं आहे. बावीस वर्षं मी हेच करते. अमक्या नावाचा अर्थ 'चांदणं' असं कुणी म्हणालं, की मी विचारते, कशावरून? हा प्रश्न लोकांना आवडत नाही. कार्यालयात माझं नाव 'खातरजमाबाई' पडलं आहे, आणि ते चुकीचं आहे असं मला म्हणता येत नाही.

माझी रीत सोपी आहे. प्रत्येक नावाचं एक कार्ड. पुढच्या बाजूला नाव, अर्थ आणि उगम. मागच्या बाजूला दोन साक्षीदार. साक्षीदार म्हणजे दोन वेगवेगळे जुने ग्रंथ, ज्यांत ते नाव त्याच अर्थानं मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं आहे. एका ग्रंथानं दुसऱ्यावरून उतरवलेलं निघालं, तर तो साक्षीदार बाद. पुस्तकात प्रत्येक नोंदीच्या शेवटी या ग्रंथांचे बारीक आकडे असतात आणि कुठला आकडा म्हणजे कुठला ग्रंथ याची यादी शेवटच्या पानांवर असते. ती यादी कुणी वाचत नाही. मला मात्र तिच्यामुळेच रात्री शांत झोप लागते.

तर ही अनोळखी मुलगी. निरुपमा आणि निर्झरा यांच्या मध्ये घरच्यासारखी बसली होती:

निरुवा : जिची वाट पाहून डोळे थकले ती. जुनी किनारी बोली. ७, १९.

मी 'न'चा खण उघडला. निरुपमाचं कार्ड होतं, त्याच्यामागे लगेच निर्झराचं. मध्ये कुणी नव्हतं. मी खण आणखी दोनदा तपासला.

त्याला कारण होतं. गेल्या आवृत्तीत 'बोरुमा' या दूरदेशीच्या नावाचा अर्थ आम्ही 'पहाटेचा वारा' छापला होता. त्या भाषेत त्याचा अर्थ भांडी घासायचा चोथा. हे आम्हाला एका बापानं कळवलं, आणि त्याची बोरुमा तेव्हा सात महिन्यांची होती. चूक माझीच होती. माझे दोन साक्षीदार एकमेकांचे सख्खे भाऊ निघाले आणि मला ते उशिरा कळलं. तेव्हापासून मालकांनी मुखपृष्ठावर एक वाक्य घातलं आहे: 'प्रत्येक नाव तपासलेलं.'

मी ते प्रूफ, म्हणजे नव्या आवृत्तीची छपाईआधीची पानं, घेऊन मालकांच्या खोलीत गेले. आमचे मालक हसतमुख. वाईट बातमीसुद्धा ते हसूनच देतात, त्यामुळे ती पचायला जास्त वेळ लागतो.

"काढून टाका की बाई," ते म्हणाले. "एक ओळ तर आहे."

"काढीन. पण ती आत आली कशी? एक सापडली. न सापडलेल्या किती असतील?"

त्यांनी प्रूफ माझ्याकडे परत सरकवलं. "गुरुवारी पुस्तक छापायला जायचंय. बुधवारी संध्याकाळपर्यंत मला दोन गोष्टी सांगा. कुणी घातली, आणि आणखी किती आहेत. नाही सांगता आलं तर हा कोश बंद. कायमचा. दुसरा चोथा मला परवडायचा नाही."

"आणि मी?"

"तुम्हाला मी बागकामाच्या पुस्तकांकडे घेतो. झाडं तक्रार करत नाहीत." असं म्हणून ते छान हसले.

शेवटच्या प्रूफाआधी संगणकावर दुरुस्त्या करणारी माणसं चारच. आमचा तरुण संपादक, ज्याला सगळे कविराज म्हणतात. वाचकांची पत्रं आणि फोन सांभाळणाऱ्या वहिनी. तीस वर्षं पानं लावणारे मोजपट्टीकाका, ज्यांच्या खिशात पेनाऐवजी स्टीलची पट्टी असते. आणि चौथी मी. मी केलेलं नाही हे मला पक्कं ठाऊक होतं. मालकांना ठाऊक होतं की नाही, हे त्यांच्या हसण्यावरून कळेना.

२

दुपारच्या चहापर्यंत सगळ्या मजल्यावर एकच बातमी होती: बाईंचं कार्ड चोरीला गेलं.

"कार्ड चोरायला काय ते दागिने आहेत?" मी म्हणाले आणि सगळ्यांना माझ्या कपाटापाशी उभं केलं. प्रत्येक कार्डाला खाली एक भोक असतं आणि खणातल्या सगळ्या कार्डांमधून एक पितळी सळई आरपार जाते. सळई काढायची तर तिचा स्क्रू काढावा लागतो, आणि तो स्क्रू असा बसलेला आहे की मला तो फिरवायला दोघांची मदत लागते. कार्ड नुसतं ओढून काढलं तर त्याचं फाटकं टोक सळईत अडकून राहतं. सळई स्वच्छ होती.

"म्हणजे कार्ड गेलंच नाही," कविराज म्हणाला.

"बरोबर. कारण ते कधी नव्हतंच. ही बाई माझ्या टेबलावरून आलेलीच नाही. मागच्या दारानं आली आहे."

मग मी कविराजाला खिडकीपाशी घेतलं. मुलगा चांगला आहे. कामाच्या वेळेत नोंदी नीट करतो आणि उरलेल्या वेळात कविता करतो. कागदाची उधळपट्टी नको म्हणून जुन्या प्रूफांच्या पाठकोऱ्या बाजूला लिहितो. त्याच्या कविता मी वाचलेल्या आहेत. त्यांची खातरजमा करता येत नाही.

"हा अर्थ वाच," मी म्हणाले. "आपल्याकडे अर्थ कसे असतात? 'स्थिर.' 'तेजस्वी.' 'पाण्याचा झरा.' आणि हे बघ. हे कुणीतरी जीव ओतून लिहिलंय. आणि या कचेरीत जीव ओतणारा एकच माणूस आहे."

त्यानं ओळ वाचली. कडू औषध प्यायल्यासारखं तोंड केलं.

"बाई, तुम्ही माझा अपमान करताय. 'डोळे थकले'? अहो, ते डोळे केव्हाचे थकलेत! मी असलं काही लिहिलं तर मित्र मला वाळीत टाकतील."

"मग तू काय लिहिलं असतंस?"

त्यानं छताकडे पाहिलं. "'प्रतीक्षेचा निळा उंबरठा.'"

"हा मुलीच्या नावाचा अर्थ?"

"अर्थ नाही, पण बघा ना, किती जागा सुटते त्यात!"

माझा निम्मा संशय तिथेच फिटला. इतकं सरळ वाक्य त्याच्या हातून उतरलंच नसतं. मी वळले, तेवढ्यात तो मागून म्हणाला, "पण बाई, निरुवा हे नाव मी ऐकलंय. या इमारतीत. तीनेक आठवडे झाले असतील."

"कुणाच्या तोंडून?"

"वहिनींच्या."

३

वहिनींच्या टेबलावर कायम बिस्किटांचा एक डबा असतो आणि त्यामागे पत्रांचा ढीग. आमच्या नावाचा अर्थ जरा बरा छापा, आमच्या आजोबांचं नाव घाला, धाकट्या जावेच्या मुलीचं नाव काढा, अशी ती पत्रं. वहिनी सगळ्यांना गोड शब्दांत नाही म्हणतात. पण त्यांचं मन लोण्याचं आहे हे सगळ्यांना माहीत आहे, म्हणून मला धास्ती वाटत होती.

"वहिनी, निरुवा."

त्यांनी हातातलं बिस्कीट खाली ठेवलं. "अगबाई! ती फोनवाली!"

"कोण फोनवाली?"

"तीन आठवडे झाले. फोन उचलला तर एक बाई. आवाज असा, की मी खुर्चीत ताठ बसले." वहिनींनी नाकावर चष्मा ओढून नक्कलच केली. "'तुमच्या कोशात निरुवा नावाचं काही आहे का? नीट बघून सांगा.' मी चौथी आवृत्ती उघडली, म्हटलं, नाही हो. तर म्हणते कशी, 'नाही ना? तेच म्हणते मी! पुस्तकात नाही म्हणजे नाव नाही.' आणि ठेवला फोन. मी नंतर सगळ्यांना सांगितलं की. चहाच्या वेळी. हसलो होतो आपण."

मी त्या दिवशी वाचनालयात होते, म्हणून मला ठाऊक नव्हतं.

"आणखी काही? आठवा."

"मागे बाळ रडत होतं. तान्हं. आणि एक तरुण बाई म्हणत होती, 'ताई, राहू द्या ना आता.' दमलेला आवाज होता बिचारीचा."

मी वहिनींच्या डब्यातलं एक बिस्कीट घेतलं. विचार करायला मला काहीतरी कुरतडावं लागतं.

म्हणजे आधी पुस्तक आणि मग नाव, असं झालेलंच नव्हतं. तीन आठवड्यांपूर्वी नाव पुस्तकात नव्हतं, पण एका घरात होतं. त्या घरात तान्हं बाळ होतं, दमलेली आई होती आणि आमच्या कोशाच्या आधारानं ते नाव रद्द ठरवणारी एक ताई होती. आणि आता ते नाव कोशात होतं. हा खोडसाळपणा नव्हता आणि हलगर्जीपणाही नव्हता. आमच्यापैकी कुणीतरी त्या बाळासाठी हे केलं होतं.

"आपल्यात कुणाच्या घरी बाळ झालंय?" मी विचारलं.

"कुणाच्याच नाही. कविराजाचं लग्न व्हायचंय. माझी दोन्ही घोडी कॉलेजात. मालकांना नातवंडं नाहीत. काकांच्या मुलीला..." वहिनींनी आवाज खाली आणला. "अकरा वर्षं झाली हो लग्नाला. काही नाही. दोनदा आशा लागली आणि गेली. काकांपुढे तो विषय काढू नका."

मी मान हलवली. घरी जाताना माझ्या डोक्यात मात्र निरुवाच्या अर्थाचं ते वाक्य घोळत होतं, आणि नोंदीच्या शेवटी असलेला तो आकडा. एकोणीस.

४

मंगळवारी सकाळी मी आल्या आल्या शेवटच्या पानांवरची यादी उघडली.

सात नंबरचा ग्रंथ, किनारी बोलींचा शब्दसंग्रह, माझ्या कपाटात होता. त्यात निरुवा नव्हती. आणि एकोणीस नंबरला यादीत नुसती आडवी रेघ होती. ती रेघ मीच मारली होती. एकोणीस नंबरचा ग्रंथ बारा नंबरवरून शब्दशः उतरवलेला आहे हे मला गेल्या महिन्यात सापडलं, आणि मी चहाच्या वेळी उभी राहून जाहीर केलं, की आजपासून एकोणीस बाद, ज्या ज्या नोंदीत असेल तिथून काढा. कविराज हळहळला होता, कारण तो ग्रंथ त्याच्या आवडीचा. वहिनींनी आपल्या डायरीत मोठ्या अक्षरांत लिहून घेतलं होतं. मालकांनी कागदावर सही केली होती.

या कचेरीतला माणूस खोटी नोंद करेल, पण साक्षीदाराशिवाय करणार नाही. इतकी आमची सवय पक्की. आणि ज्यानं ही केली, त्यानं बाद झालेला साक्षीदार उभा केला. म्हणजे एकोणीस बाद झाल्याचं त्याला माहीतच नव्हतं. म्हणजे त्या आठवड्यात तो इथे नव्हता.

हजेरीचा तक्ता भिंतीवरच लागलेला असतो. मोजपट्टीकाका, आठ दिवस रजा. कारण: घरचं काम. त्या आठवड्यात शेवटची पानं बदली माणसानं लावली होती.

मला ते नको होतं. सगळ्यांत नको होतं. काका म्हणजे आमच्यातलं सरळ माणूस. तीस वर्षांत त्यांनी एका अक्षराला धक्का लावला नव्हता. ते निर्दोष असल्याचा पुरावा मिळावा म्हणून मी कविराजाकडून शेवटच्याच्या आधीचं, दुसरं प्रूफ मागितलं. दोनशे चौदावं पान त्याच्याकडेच निघालं. मागच्या बाजूला एक समुद्र आणि बरेच पक्षी होते.

दोन्ही पानं शेजारी ठेवली. दुसऱ्या प्रूफात निरुवा नव्हती, शेवटच्या प्रूफात होती. तरीही दोन्ही पानं 'निमिष'पासून सुरू होत होती आणि 'निसर्ग'वर संपत होती. एक नोंद वाढली आणि पान वाढलं नाही? मी एकेक ओळ बोटानं मोजली. 'निश्चल'ची नोंद आधी दोन ओळींची होती: न डळमळणारा, स्थिर बुद्धीचा, आपल्या शब्दाला चिकटून राहणारा. आता ती एका ओळीत मावत होती: न डळमळणारा, स्थिर.

शब्दांतला माणूस मजकूर घालतो तेव्हा पुढचं सगळं खाली सरकतं, आणि त्याला त्याचं काही वाटत नाही. मग पानं लावणारा ओरडतो. इथे पाहुणीला जागा मिळावी म्हणून आधी एक ओळ मोकळी केलेली होती. इतका विचार फक्त एकच माणूस करतो.

मी काकांच्या खोलीत गेले आणि दार लावून घेतलं. ते पट्टी पुसत बसले होते.

"काका, तुमच्या लेकीला मुलगी झाली आणि तुम्ही पेढेसुद्धा... जाऊ दे. अभिनंदन."

पट्टी त्यांच्या हातातून पडली. ती उचलून त्यांनी टेबलावर ठेवली.

"कसं कळलं, बाई?"

"निश्चलचा शब्द तुम्ही मोडलात. एकोणिसाव्या साक्षीदाराला उठवलंत. बाकीचं वहिनींच्या फोननं सांगितलं."

"दोनदा मी आधीच आनंदाची बातमी सांगून बसलो होतो," ते म्हणाले. "दोन्ही वेळा पुन्हा सगळ्यांना सांगत फिरावं लागलं, की नाही, आता नाही. या वेळी जीभ आवरली. ती झाली, धडधाकट झाली, तरी जीभ सुटेना. पोरीनं नाव ठेवलं निरुवा. तिच्या मनानं केलेलं. तर तिची नणंद म्हणते, आधी पुस्तकात दाखव. आणि कुठलं पुस्तक? आपलं! बाई, तीस वर्षं मी दुसऱ्यांच्या पोरांची नावं ओळीत बसवली. मला वाटलं, एक ओळ माझी."

मला राग आला होता आणि रडूही येत होतं, आणि दोन्ही एकदम आलं की माझा आवाज फार कोरडा होतो.

"आणखी किती घातलीत?"

त्यांनी मान वर केली. "एकच, बाई. माझ्याकडे एकच आहे."

५

काकांचा शब्द मला पुरला असता. मालकांना नसता. म्हणून मंगळवारची अख्खी दुपार मी, वहिनी आणि कविराज दुसरं आणि शेवटचं प्रूफ समोर घेऊन बसलो. प्रत्येक पान जुन्याच नावानं सुरू होतं, जुन्याच नावानं संपतं. म्हणजे पाहुणा घालायचा तर त्याच पानावर कुणाची तरी ओळ छाटायला हवी. आम्ही छाटलेली ओळ शोधत गेलो. सगळ्या पुस्तकात एकच होती, निश्चलची. दुसरा पाहुणा नव्हता.

माझं काम तिथे संपलं होतं. निरुवा खोडायची, निश्चलला त्याचे शब्द परत द्यायचे, मालकांना सांगायचं, झालं. मी लाल पेन हातात घेतलं. आणि खोडेना. खोडण्याआधी तपासायचं, ही माझीच रीत, आणि या नावाचा उगम मी अजून तपासलेला नव्हता.

बुधवारी सकाळी काकांकडून पत्ता घेतला. दुसरा मजला, खिडकीत दोरीवर इवलेसे कपडे. दार एका उंच बाईंनी उघडलं. साखळीचा चष्मा, आणि हातात आमची चौथी आवृत्ती, पानापानाला चिठ्ठ्या लावलेली. ताईच. पंचवीस वर्षं जन्मनोंदणीच्या खिडकीत बसल्या होत्या, असं त्यांनी पहिल्या मिनिटाला सांगितलं.

"कोशाच्या बाई? तुम्हीच का त्या? बरं झालं आलात. सांगा हिला. पुस्तकात नाही म्हणजे नाव नाही."

हे वाक्य माझं आहे. गेली बावीस वर्षं मी ते वेगवेगळ्या शब्दांत म्हणत आले. दुसऱ्याच्या तोंडून ते इतकं वाईट लागेल असं मला वाटलं नव्हतं.

"मला हिचं वाकडं करायचं नाही हो," ताई जरा नरमून म्हणाल्या. "खिडकीत बसून पाहिलंय मी. नाव वेगळं असलं की त्या पोराला जन्मभर प्रत्येक टेबलावर उत्तरं द्यावी लागतात. याचा अर्थ काय, हे कुठलं. नोंदणीची मुदत परवा संपतेय. अजून वेळ आहे, साधं काहीतरी ठेवावं."

आतल्या खोलीत काकांची लेक बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. मी तिच्यासमोर प्रूफ ठेवलं आणि सगळं सांगितलं. तिनं ती ओळ दोनदा वाचली.

"बाबांनी लिहिलं हे?" ती हसली आणि तिचे डोळे भरले. मग तिनं मान हलवली. "पण मावशी, हा अर्थ चूक आहे."

"चूक?"

"वाट आम्ही पाहिली. डोळे आमचे थकले. ते हिनं कशाला नावात घेऊन फिरायचं? ती तर आत्ता आलीय." तिनं बाळाच्या कपाळावरचे केस सारखे केले. "मी स्वयंपाक करताना नुसतं काहीतरी गुणगुणायचे. शब्द नसायचे. त्यातच एकदा निरुवा आलं तोंडात. अर्थ काहीच नव्हता. म्हणून तर आवडलं मला. तिला हवा तो अर्थ तिनं मोठी झाल्यावर घालावा."

मी कार्ड काढलं. कोरं. पुढच्या बाजूला नाव लिहिलं.

"ताई," मी हाक मारली. त्या दारातच उभ्या होत्या. "तुमच्या हातातल्या पुस्तकातलं प्रत्येक नाव कुणीतरी, कुठेतरी, पहिल्यांदा उच्चारलेलं आहे. बावीस वर्षं मी त्या पहिल्या माणसाला शोधतेय. दर वेळी मला उशीर होतो. कधी चारशे वर्षं, कधी आठशे. आज पहिल्यांदा मी वेळेवर पोचले."

ताईंनी हातातलं पुस्तक मिटलं. तेव्हाच बाळानं भोकाड पसरलं, आणि आईच्या आधी त्यांनीच ते उचललं.

६

"अर्थ अजून ठरायचा आहे?" मालकांनी बुधवारी संध्याकाळी माझी नोंद मोठ्यानं वाचली. "बाई, हे अर्थांचं पुस्तक आहे."

नोंद अशी होती:

निरुवा : नवं नाव. अर्थ अजून ठरायचा आहे. उगम : याच वर्षी, एका आईच्या गुणगुणण्यात. आईला प्रत्यक्ष विचारून.

"चार हजार दोनशे बारा नावांचे अर्थ आपल्याला माहीत आहेत," मी म्हणाले. "एकाचा नाही. आणि तसं आपण सरळ छापतोय. मुखपृष्ठावरचं तुमचं वाक्य इतकं खरं कधीच नव्हतं."

काका कोपऱ्यात राजीनाम्याचा कागद घेऊन उभे होते. मालकांनी तो घेतला, वाचला आणि या वेळी हसले नाहीत. "काका, तुम्ही चूक केलीत," ते म्हणाले. "बाईंना न विचारता पुन्हा स्वल्पविरामसुद्धा हलवायचा नाही. आणि नातीचं तोंड दाखवायला आणा." मग त्यांनी तो कागद कविराजाला दिला, पाठकोरा आहे म्हणून.

गुरुवारी पुस्तक छापायला गेलं. निश्चलला त्याची दुसरी ओळ परत मिळाली. तिच्यासाठी जागा कुठून काढली, हे काकांनी मला आधी विचारून मगच केलं. मालकांना ती बागकामाची पुस्तकं दुसऱ्या कुणाला तरी द्यावी लागली.

तीन महिन्यांनी वहिनींनी माझ्या टेबलावर एक पत्र आणून ठेवलं. सरकारी वळणाचं अक्षर, डावीकडे समास सोडलेला.

'महोदया, आपल्या पाचव्या आवृत्तीतील पृष्ठ २१४ वरील एक नोंद अपूर्ण असल्याचे आढळले. सदर नावाचा अर्थ केव्हा कळविण्यात येईल?'

मी उलट टपाली उत्तर लिहायला घेतलं, की वीस-एक वर्षांनी पुन्हा विचारावं आणि शक्यतो मुलीलाच विचारावं. पत्र बाजूला सारताना खाली आणखी एक ओळ दिसली. शाई तीच होती, पण अक्षर घाईत काढलेलं आणि जरा तिरकं.

'ता. क. निरुवा आज पहिल्यांदा पालथी पडली. नोंद घ्यावी.'

मी घेतली.